खड्डा, एक नग

मुलांनो, एका जंगलात सगळं होतं. झाडं होती, ओढा होता, करवंदाच्या जाळ्या होत्या, उन्हात पडायला कातळ होता. फक्त रस्ता नव्हता. आणि रस्ता नाही याचं दुःख कोणालाच नव्हतं. ते दुःख बाहेरून आणावं लागलं.

झालं असं, की शेजारच्या जंगलाचे महाराज एकदा आपल्या सिंहमहाराजांकडे पाहुणे म्हणून आले. जेवण झालं. दात कोरता कोरता पाहुण्यांनी विचारलं, "तुमचा राजमार्ग कुठं आहे?"

"राजमार्ग म्हणजे?"

"सरळ रस्ता हो. गुहेपासून ओढ्यापर्यंत. आमच्याकडे दोन आहेत."

ओढ्यावर जाताना आपल्याला दोनदा वळावं लागतं, याची सिंहमहाराजांना त्या दिवशी पहिल्यांदा लाज वाटली. दुसऱ्या दिवशी सकाळी हुकूम निघाला. नकाशावर गुहेपासून ओढ्यापर्यंत एक सरळ रेघ मारली गेली. तिला काहीच वेळ लागला नाही. नकाशात खाली कोण राहतं ते दिसत नसल्यामुळे रेघा फार भरभर मारता येतात.

त्या रेघेखाली भिवराबाई राहत होती.

भिवराबाई म्हणजे साळिंदर. वय झालेलं, पण अंगावरचे काटे अजून चकचकीत. माळाच्या उतारावर एका पळसाखाली तिचं बीळ होतं. जागा अडीच गुंठे. तिच्या मालकांनी, धोंडोजींनी, लग्नाच्या वर्षी ते बीळ खणायला घेतलं आणि पुढची अकरा वर्षं ते खणतच राहिले. ऐंशी हात लांबी. चार खोल्या. पावसाचं पाणी बाहेर काढायला वेगळी नाळ. मधे एकदा पळसाचं जाडजूड मूळ आडवं आलं.

"कुरतडा की," भिवराबाई म्हणाली होती.

"आपल्या आदी त्यो आलाय हितं," धोंडोजी म्हणाले होते. "त्यानं का जागा सोडायची?"

आणि त्यांनी मुळाला वळसा घालून बीळ पुढं नेलं. धोंडोजींना जाऊन आता तीन वर्षं झाली होती. त्या वळणाशी आली की भिवराबाई अजून घटकाभर थांबायची.

हुकूम निघाला त्याच्या दुसऱ्या दिवशीची गोष्ट. भिवराबाईच्या शेजारी बापू ससा राहायचा. त्याची पाच गुंठे जागा होती, नुसतं गवत. तिथं तरसशेठ आले आणि ती जागा त्यांना एकदम आवडली. सिंहमहाराजांच्या त्या जेवणाला मटण तरसशेठनंच पुरवलं होतं, हे बापूला माहीत नव्हतं. सौदा पाचशे कंदांना ठरला. या जंगलात कंद हेच चलन होतं, बरं का. कागदावर मात्र दहाच कंद लिहिले, कारण खऱ्या किमतीचा दहावा हिस्सा खजिन्यात भरावा लागे, आणि खरं लिहून खजिना भरणारा प्राणी त्या जंगलात जन्मला नव्हता.

"भिवराताई, साक्षीला पंजा हवाय तुमचा," बापू म्हणाला. "शेजारधर्म आहे."

भिवराबाईला वाचता येत नव्हतं. शेजारधर्म येत होता. तिनं पंजा उमटवला.

हुकूम एका रात्रीत निघाला होता, पण नोटीस निघायला सहा महिने लागले. ती पळसाच्या खोडाला लागली. हरकत घ्यायला एकवीस दिवसांची मुदत होती आणि नोटीस लागली तो विसावा दिवस होता. त्या भागात वाचणारा एकटा पोपट. त्यानं ती मोठ्यांदा तीनदा वाचली. तिन्ही वेळा सारखीच.

"म्हंजी काय रं?" भिवराबाईनं विचारलं.

"मावशी, मला वाचता येतं. समजायला लागलं असतं तर मी कचेरीत नसतो का?"

मग बापूनं समजावलं. "सरकार जागा घेणार, ताई. पण घाबरायचं नाही. रास्त मोबदला मिळणार. कायद्याच्या नावातच 'रास्त' आहे."

एखाद्या गोष्टीची खात्री नसली की ती नावात घालतात, हे बापूला कुठून ठाऊक असणार?

चार दिवसांनी मोजणीसाठी बगळेसाहेब आले. पांढरेशुभ्र. आले आणि एका पायावर उभे राहिले. साहेब कायम घाईत असल्यासारखे दिसत, पण जागचे हलत नसत.

"जमीन अडीच गुंठे," ते लिहू लागले. "झाड एक. पळस. फळ येतं?"

"फळाचा उपेग न्हाई साहेब. पन फुलं येत्यात. लई देखनी."

"देखणी याला रकाना नाही. बांधकाम?"

"ह्ये काय. घर हाय की माजं."

साहेबांनी मान लांब केली, बिळाच्या तोंडात घातली आणि लगेच बाहेर काढली. "बाई, हे बांधकाम नाही. बांधकाम जमिनीच्या वर असतं. जमिनीच्या खाली असतो तो खड्डा."

"खड्डा कसा आसंल? मी ऱ्हाते त्यात."

"खड्ड्यात कोणी राहिलं म्हणून त्याचं घर होत नाही."

"आन म्हाराजांची गुहा?"

"गुहा डोंगरात असते. ते खातं वेगळं आहे." आणि साहेबांनी रकान्यात लिहिलं : खड्डा, एक नग. खोली अंदाजे दोन हात.

मग भाव ठरवायची वेळ आली. नियम साधा होता. गेल्या तीन वर्षांत त्या माळावर ज्या खरेद्या झाल्या, त्यांची सरासरी काढायची. हे ऐकून भिवराबाईचा चेहरा फुलला. माळावर एकच खरेदी झाली होती आणि तिचा आकडा तिला पाठ होता. पाच गुंठ्यांना पाचशे. म्हणजे आपल्या अडीच गुंठ्यांना अडीचशे. एवढ्यात ओढ्यापलीकडं दुसरी जागा घेता येईल, दुसरं बीळ खणायला दोघं गडीही लावता येतील.

बगळेसाहेबांनी खरेदीखत काढलं. "पाच गुंठ्यांना दहा कंद. गुंठ्याला दोन."

"धा न्हवं साहेब, पाश्शे—"

"हा साक्षीदाराचा पंजा कोणाचा?"

भिवराबाईनं वाकून पाहिलं. "माजाच."

"मग यात लिहिलंय ते खरं की खोटं?"

शेजारी बापू ससा उभा होता. त्याचे कान खाली आले. खोटं म्हणावं तर बापू तुरुंगात जाणार. चार पिलांचा बाप. भिवराबाई काहीच बोलली नाही, आणि बोललं नाही की सरकारात ते 'खरं' असं धरलं जातं.

हिशेब झाला. जमिनीचे पाच कंद. दुःख झालं असेल म्हणून तेवढेच आणखी, म्हणजे दहा. पळसाचं शून्य. आणि रस्त्यात खड्डा चालत नाही, तो बुजवावा लागणार, म्हणून बुजवणावळीचे तीन कंद वजा. हाती सात.

"माजं घर बुजवायचं पैसं माज्याकडनंच?"

"खड्डा तुमचा आहे ना?" बगळेसाहेबांनी विचारलं. त्यांना खरंच नवल वाटलं होतं.

मग ते शेजारच्या पाच गुंठ्यांकडे वळले. तिथं तरसशेठनी सहा महिन्यांत आंब्याच्या चारशे डहाळ्या ओळीनं खोचून ठेवल्या होत्या. निम्म्या वाळल्या होत्या.

"साहेब, ती झाडं न्हाईत," भिवराबाईला राहवेना. "मुळंच न्हाईत त्यास्नी. उपटून बगा की."

"मुळं जमिनीच्या खाली असतात," बगळेसाहेब म्हणाले आणि शांतपणे चारशे आंबे मोजले. एकेका झाडाची पन्नास वर्षांची फळं धरली. चाळीस हजार कंद झाले. तरसशेठ हसले. तरस हसतं तसं.

बापू दोन दिवस तोंड लपवून होता. तिसऱ्या दिवशी तो शंभर कंद घेऊन आला.

"घ्या ताई. माझ्यामुळं झालं सगळं."

"ऱ्हाऊ दे. तुज्या पिलांच्या तोंडचं हाय त्ये."

"मग निदान तक्रार तरी करा. वरच्या साहेबांकडे सुनावणी असते. त्या बगळ्यानं आत शिरून कुठं बघितलं? दोन हात लिहिलंय! तुमचं घर केवढं, ते नीट सांगा."

हे भिवराबाईला पटलं. धोंडोजींच्या अकरा वर्षांची किंमत दोन हात लावली, हेच तिला सगळ्यात लागलं होतं. सात कंदांचं तिला तेवढं नव्हतं.

सुनावणीला अस्वलसाहेब होते. मोहाच्या झाडाखाली त्यांची कचेरी. स्वभावानं फार मऊ. डोळे मिटून ऐकायचे, त्यामुळे ते झोपलेत की विचार करतायत हे कोणाला कळत नसे.

भिवराबाई बोलली. आयुष्यात एवढं ती कधी बोलली नव्हती. पहिल्या पावसाळ्यात छत कसं ढासळलं आणि धोंडोजींनी ते पुन्हा कसं बसवलं, ते सांगितलं. पाण्याची नाळ सांगितली. बाळंतपणाची खोली सांगितली, तिथली माती धोंडोजींनी पाठीनं घासून गुळगुळीत केली होती. मुळाचा वळसाही सांगितला.

"साहेब, दोन हात न्हाई हो त्ये. ऐंशी हात हाय. चार खोल्या हायती. एकदा कुनीतरी आत येऊन बगा, येवडंच मागनं हाय."

अस्वलसाहेबांनी डोळे उघडले. ते ओले होते. "बाई, तुमच्यावर अन्याय झालाय," ते म्हणाले. "फेरमोजणी करा. आतून."

भिवराबाई माळावर परतली ती जवळजवळ पळतच. त्या दिवशी तिनं चारी खोल्या झाडल्या. बगळेसाहेब आले तेव्हा ती पुढं होऊन वाट दाखवत होती. "हितं वाका साहेब. हितं मान सांबाळा. ह्यो बगा वळसा. आन ही बाळतिनीची खोली." साहेब टेप धरत होते आणि ती दुसरं टोक. कुठंही एक बोटभर सुटू दिलं नाही तिनं. नाळ मोजायची राहिली होती, ती तिनंच आठवण करून मोजायला लावली.

आठ दिवसांनी निकाल लागला. अस्वलसाहेबांनी स्वतः वाचून दाखवला.

"अभिनंदन, भिवराबाई. तुमचं म्हणणं पूर्णपणे मान्य झालं आहे. खड्डा दोन हातांचा नसून ऐंशी हातांचा आहे, हे सिद्ध झालं."

भिवराबाईनं पंजे जोडले.

"बुजवणावळ हाताला दीड कंद. ऐंशी हातांचे एकशेवीस. त्यातून तुमचा मोबदला दहा वजा. एकशेदहा कंद सरकारात भरायचे. पंधरा दिवसांत."

भिवराबाईला आधी वाटलं, आपल्या ऐकण्यात काही चुकलं. तिनं साहेबांकडे पाहिलं. साहेबांचे डोळे पुन्हा ओले झाले होते. ते खोटं रडत नव्हते, मुलांनो. ते मनापासून रडत आणि नियमानं लिहीत.

एकशेदहा कंद तिच्याकडे कुठले? पण सरकार दयाळू होतं. साळिंदराच्या काट्याची लेखणी उत्तम होते आणि कचेरीला लेखण्या फार लागतात. एका काट्याला एक कंद धरला. दोन शिपाई माकडांनी तिच्या डाव्या अंगाचे एकशेदहा काटे उपटून मोजून घेतले. पावती दिली.

भिवराबाई ओढ्यापलीकडं एका कपारीत राहायला गेली. कपार चांगली होती. फक्त डावीकडून वारा यायचा, आणि डाव्या अंगाला आता काही नव्हतं.

इकडं तरसशेठना चाळीस हजार कंद मिळाले. त्या दिवशी राजमार्गाचा पहिला टप्पा पूर्ण झाल्याची दवंडी पिटली. पहिला टप्पा म्हणजे मोबदला. दुसऱ्या टप्प्याला, म्हणजे रस्त्याला, खजिन्यात काही उरलं नव्हतं. महाराज पूर्वीसारखेच दोनदा वळून ओढ्यावर जाऊ लागले. हळूहळू लाजही मोडली.

पावसाळा गेला, हिवाळा आला. एका संध्याकाळी भिवराबाईला कपारीत बसवेना. ती उठली आणि पाय नेतील तिकडं निघाली. पायांना एकच वाट माहीत होती.

पळसाखाली पाटी लावलेली होती : 'सरकारी जागा. आत जाण्यास मनाई आहे.' भिवराबाईला वाचता येत नव्हतं, म्हणून ती आत गेली.

बिळाच्या तोंडाशी पाचोळा साचला होता. तो तिनं बाजूला केला. आत सगळं जसंच्या तसं होतं. बुजवायचा खर्च झाला होता, बुजवायचं राहून गेलं होतं. ती अंधारात चालत राहिली. मुळाच्या वळशाशी आली तेव्हा तिथल्या मातीला पाठ लावून खाली बसली.

"आले वो," एवढंच म्हणाली.

त्या रात्री ती बऱ्याच महिन्यांनी गाढ झोपली.

महिनाभर कोणी फिरकलं नाही. मग एके दिवशी बाहेरून ओळखीचा आवाज आला. "आत कोण आहे?"

भिवराबाई बाहेर आली. समोर बगळेसाहेब, एका पायावर.

"सरकारी जागेत घुसखोरी," साहेब म्हणाले आणि लिहू लागले.

"साहेब, उजव्या अंगाचं तेवडं ऱ्हाऊ द्या," ती म्हणाली. "थंडी लई वाजती."

"काटे कशाला? फॉर्म भरायचाय." साहेबांनी नवा कागद काढला. महाराजांना गादीवर बसून पंचवीस वर्षं झाली होती. त्या आनंदात सरकारी जागेवरच्या सगळ्या घुसखोरांना ती जागा कायमची नावावर करून मिळणार होती. वर डागडुजीला दोनशे कंद.

भिवराबाईला हे समजायला वेळ लागला. साहेबांनी तीनदा सांगितलं.

"राहता कशात?"

ती अडखळली. "खड्ड्यात."

"या योजनेत त्याला घर म्हणतात. खोल्या किती?"

"चार."

"लांबी?"

भिवराबाई पोळलेली होती. तिनं हळूच विचारलं, "साहेब, कमी सांगू का जास्त?"

बगळेसाहेबांनी आजूबाजूला पाहिलं. "या वेळी जास्त."

"ऐंशी हात."

घर, पक्कं, एक नग, असं त्यांनी लिहिलं. मग लेखणी थांबली. आणि मुलांनो, त्या माळावर कोणी कधी पाहिलं नव्हतं ते घडलं. बगळेसाहेबांनी दुसरा पाय जमिनीवर टेकला.

"बाई, आता नीट ऐका. ही योजना फक्त ज्यांची या जंगलात कधीच जमीन नव्हती, त्यांच्यासाठी आहे. तुमच्या नावावर कधी जमीन होती?"

"आता साहेब, तुमीच तर मोजलीत—"

"मी काय मोजलं ते मला विचारलेलं नाही. तुम्हाला विचारलंय. हो, की नाही?"

वारा पडला होता. भिवराबाई पळसाच्या खोडाकडे बघत राहिली. साहेब उभे होते, दोन्ही पायांवर.

"न्हाई," ती म्हणाली.

"ही जागा कोणाची?"

"सरकारची."

"मग हे बीळ कोणी खणलं?"

अकरा वर्षं भिवराबाईच्या डोळ्यांपुढून गेली. धोंडोजींची मातीनं भरलेली नखं, मातीनं भरलेल्या मिशा.

"म्हाईत न्हाई साहेब," ती म्हणाली. "मी आले तवा हितं नुसता खड्डा व्हता."

बगळेसाहेबांनी ते शब्द जसेच्या तसे लिहून घेतले.

पुढच्या पौर्णिमेला गुहेसमोर समारंभ झाला. महाराजांनी आपल्या पंजानं भिवराबाईला सनद दिली. अस्वलसाहेबांनी सगळ्यात जास्त वेळ टाळ्या वाजवल्या. "बघा ताई," बापू ससा तिच्या कानात म्हणाला, "शेवटी न्याय मिळालाच की नाही?" भिवराबाईच्या ओंजळीत दोनशे कंद होते. तिनं ते मोजले नाहीत. ती सनद काखेत मारून घरी गेली. घर आता कायमचं तिचं होतं. ते कोणी बांधलं, हे मात्र यापुढं तिला कोणाला सांगता येणार नव्हतं.

तात्पर्य : आपल्या घराची रास्त किंमत हवी असेल, तर ते आपलं नाही असं आधी शिकून घ्यावं. मालकाचं घर हा खड्डा असतो आणि घुसखोराचा खड्डा हे घर असतं.

परीक्षेत मात्र 'नेहमी खरे बोलावे' असंच लिहा. मार्क त्यालाच आहेत.